आहेराची वही, काकांची यादी आणि तुम्ही दोघं

एका मुलीनं विचारलंय: "मी २८ वर्षांची, तो ३० चा. दोघंही पुण्यात नोकरी करतो. माझं माहेर सांगली जिल्ह्यात, त्याचं घर सातारा जिल्ह्यात. लग्न आमचं आम्ही ठरवलं, दोन्ही घरांनी होकार दिला. आम्हाला नोंदणी विवाह करून जवळच्या साठ-सत्तर माणसांना जेवण द्यायचं होतं. आता माझे बाबा म्हणतात, ८०० माणसं, कार्यालय, दोन दिवसांचं लग्न. आणि त्यासाठी कर्ज काढायला निघालेत. तो ११ वर्षांचा असताना त्याचे वडील गेले, पुढचं शिक्षण थोरल्या काकांनी केलं. त्यामुळे बैठकीत बोलतात ते काकाच. मानपानाची यादी त्यांनीच दिली. वर देवकाला आणि वरमाय म्हणून काकू बसणार म्हणे, कारण त्याच्या आई विधवा आहेत. यावर तो गप्प. आम्ही दोघं आता एवढ्याच विषयावर भांडतो. पळून जाऊन लग्न लावून मोकळं व्हावं का?"

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण ते सोपं आहे. पळू नका. घरून जिवाला धोका असेल त्यांनी खुशाल पळावं, पोलिसांकडे संरक्षण मागावं, त्यात लाज नाही. तुमच्या घरी धोका नाही, गोतावळा आहे. गोतावळ्यापासून पळता येत नाही, तो पहिल्या दिवाळीला दारात उभा राहतो.

लग्न ठरलेल्या जोडप्यांशी बोलणं हे माझं गेल्या १९ वर्षांचं काम. सुरुवातीला मीही तुमच्यासारखंच समजायचे, की मोठं लग्न म्हणजे बापाची हौस आणि नातेवाइकांचा भोचकपणा. माझं हे मत एका वहीनं बदललं.

एका मुलीचे वडील आले होते. एसटीतून निवृत्त झालेले. मुलगी तावातावानं बोलत होती, "बाबांना लोकांचीच पडलीय." ते काही बोलले नाहीत. कापडी पिशवीतून त्यांनी एक उभट, लाल पुठ्ठ्याची वही काढून टेबलावर ठेवली. पहिल्या पानावर वाळून काळपट झालेलं कुंकवाचं बोट, खाली 'श्री'. आत त्यांच्या स्वतःच्या लग्नापासूनचा आहेर लिहिलेला. डावीकडे नाव, गाव आणि काय आलं ते: धाकटे मामा, स्टीलची घागर. शाळेतले गुरुजी, रोख ११. शेजारची म्हातारी, खण-नारळ. उजवीकडे फेड: मामांच्या थोरलीच्या लग्नात ५१ आणि साडी. गुरुजींच्या मुलाला पातेलं. काही ओळींची उजवी बाजू कोरी होती. त्या कोऱ्या जागांवर बोट ठेवत ते म्हणाले, "ताई, ही ४३ घरं. यांच्याकडे मी बायकापोरांसकट जेवून आलोय. माझ्या घरात हे एकच कार्य. यांना नाही बोलावलं तर मला खांदा द्यायला कोण येईल?"

त्या मुलीनं ती वही जन्मात पाहिली नव्हती. ज्या घरात ती वाढली त्याच घरात, कपाटाच्या वरच्या फळीवर, ती २७ वर्षं पडून होती.

तुमच्या बाबांच्या ८०० माणसांत अशी कोऱ्या उजव्या बाजूची किती घरं आहेत, हे तुम्हाला माहीत आहे का? बहुधा नसेल. त्यांच्याकडे वही नसेलही, पण हिशेब असणार, आणि तो पाठ असणार. त्याला दिखावा म्हणून उडवून लावलंत की बोलणं तिथंच संपलं. गावाकडं माणूस ३० वर्षं दुसऱ्यांच्या मांडवाखाली वाढपी म्हणून राबतो, रात्री भांडी मोजतो, ते सगळं कुठंतरी जमा होत असतं. मुलीचं लग्न हा तो हिशेब चुकता करायचा दिवस असतो. तुम्ही "साठ माणसं" म्हणता तेव्हा त्यांना ऐकू येतं, "तुमचं देणं बुडवा."

मात्र ते देणं त्यांचं आहे, तुमचं नाही. आणि ते फेडायची लग्न ही एकुलती एक जागा नाही. या दोन वाक्यांवर तुम्हाला बाबांशी बोलायचंय, रागावून नाही, वही समोर ठेवून. वही नसेल तर एका रविवारी कागद घेऊन बसा आणि त्यांना नावं सांगायला लावा. सांगताना ती आपोआप दोन ढिगांत पडतात. एक ढीग ज्यांचं खरोखर देणं आहे अशांचा. दुसरा, "अरे, त्यांना नाही बोलावलं तर बरं दिसणार नाही" वाल्यांचा. दुसरा ढीग निघाला की हळूच विचारायचं, "बरं दिसणार नाही म्हणजे नेमकं कुणाला?" 'लोक काय म्हणतील' मधले लोक मोजायला लागलं की फार भरत नाहीत. माझ्या खोलीत तरी ही नावं पाचाच्या वर क्वचित गेली. एक चुलतभाऊ, एक साडू, सोसायटीचा चेअरमन, आणि हमखास एक अशी बाई जिच्या मुलीचं लग्न गेल्याच वर्षी धूमधडाक्यात झालं. चार माणसांच्या तोंडासाठी ८०० ताटं, हे बाबांनी स्वतःच्या तोंडानं एकदा मोजलं की आकडा खाली यायला लागतो. तुम्ही मोजून दाखवलंत तर मात्र चढतो.

कर्जाबद्दल मी कडक आहे. कर्ज नको. ताटाचा दर गुणिले माणसं, कार्यालयाचं भाडं, मंडप-स्टेज, फोटो-व्हिडिओ, बस्ता, सगळं एका कागदावर मांडा. शेजारी बाबांच्या नोकरीची उरलेली वर्षं लिहा. मुलीच्या लग्नाचा हप्ता मुलीला कधीच कुणी सांगत नाही. तो धाकट्याच्या कॉलेजातून जातो, नाहीतर आईच्या गुडघ्याच्या ऑपरेशनमधून. "तुझ्या लग्नाला काही कमी पडू देणार नाही" हे वाक्य बाप प्रेमानंच म्हणतो, आणि ऐकणाऱ्या पोरीला ते अडवायला जीभ रेटत नाही. रेटवा.

त्या एसटीवाल्या वडिलांनी काय केलं ते सांगते. लग्न ९० माणसांत झालं. मग त्यांनी पेढ्यांचे बॉक्स घेतले आणि तीन रविवार एसटीनं फिरून त्या ४३ घरी स्वतः गेले, जावयाला बरोबर घेऊन. प्रत्येक घरी चहा झाला, जुन्या गोष्टी निघाल्या. जावई बिचारा चहा पिऊन पिऊन बेजार. पण त्या घरांतल्या माणसांना कार्यालयातल्या रांगेत उभं राहून नवरा-नवरीबरोबर दोन सेकंदांचा फोटो मिळाला असता, त्याऐवजी तो माणूस त्यांच्या सतरंजीवर बसून गेला. तुमच्या बाबांना गावजेवणच घालायचं असेल तर तेही घालू दे: त्यांच्या अंगणात, त्यांना झेपेल एवढं, लग्नानंतर एखाद्या सुट्टीला, सासरच्या यादीशी संबंध न ठेवता. तुम्ही दोघांनी त्या दिवशी जाऊन वाढायला उभं राहायचं.

आता नोंदणीचं. 'कोर्ट मॅरेज' म्हणतात, पण त्यात कोर्ट कुठंच नसतं. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे आधी नोटीस द्यावी लागते. दोघांपैकी एक जण त्या जिल्ह्यात नोटिशीच्या आधी सलग किमान ३० दिवस राहत असला पाहिजे. तुम्ही दोघं पुण्यात आहातच. नोटीस कार्यालयात दर्शनी जागी लागते आणि ३० दिवस हरकतीसाठी थांबावं लागतं. कायमचा पत्ता दुसऱ्या जिल्ह्यातला असेल तर नोटिशीची प्रत तिकडच्या कार्यालयातही जाते आणि तिथंही लागते. म्हणजे तुमच्या बाबतीत सांगली आणि सातारा. गुपचूप उरकू म्हणणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं. हरकत मात्र कायद्यातल्याच कारणांवर घेता येते: आधीचं लग्न शिल्लक आहे, वय कमी आहे (मुलगा २१, मुलगी १८), संमती देण्याइतकी मनःस्थिती नाही, निषिद्ध नातं आहे. "पुतण्यानं विचारलं नाही" हे कारण त्या यादीत नाही. नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांत लग्न लागलं नाही तर नोटीस बाद, पुन्हा पहिल्यापासून. लग्नाच्या वेळी अधिकाऱ्यासमोर तीन साक्षीदार लागतात आणि तुम्ही एकमेकांना कायदेशीर पती-पत्नी म्हणून स्वीकारत असल्याचं तुम्हाला कळेल अशा भाषेत बोलावं लागतं. जादा शुल्क भरून अधिकाऱ्याला जवळपासच्या ठिकाणी बोलावून लग्न लावायचीही कायद्यात सोय आहे.

दुसरी वाट विधी करून नोंदणी करायची. महाराष्ट्रात १९९८ च्या विवाह नोंदणी कायद्याप्रमाणे लग्नानंतर ९० दिवसांत नोंद करायची असते. इथं एक घोळ बरेच जण घालतात: विधी नंतर 'सवडीनं' करू, आधी व्हिसासाठी सर्टिफिकेट काढून घेऊ. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात लग्न लागतं ते विधीनं, आणि सप्तपदी हा विधीचा भाग असेल तर सातवं पाऊल पडलं की. विधी न करता घेतलेला नुसता कागद म्हणजे त्या कायद्याखाली लग्न नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयानं २०२४ मध्ये स्पष्ट सांगितलं. त्याच निकालात न्यायालयानं असंही सुनावलं, की लग्न म्हणजे नाचगाणं, खाणंपिणं किंवा दबाव आणून हुंडा आणि भेटवस्तू मागायचा प्रसंग नव्हे. हे वाक्य बैठकीत वाचून दाखवायचा मोह होईल. आवरा.

मानपानाची यादी तुम्ही मला पाठवलीत, ती मी दोनदा वाचली. ११ फेटे, टॉवेल-टोपी ६० जणांना, आत्यांना साड्या, काकूंना पैठणी, काकांना अंगठी, नवरदेवाचा पोशाख, आणि शेवटी ते ठरलेलं वाक्य: "बाकी आमची काही मागणी नाही, लग्न तेवढं चांगलं करून द्या." या वाक्याची मला सगळ्यात जास्त धास्ती वाटते. फेट्यांना आकडा आहे. 'चांगलं' ला नाही.

या यादीत सगळं एका मापानं मोजू नका. टॉवेल-टोपी कुणी वापरत नाही, हे देणाऱ्याला माहीत असतं आणि घेणाऱ्यालाही. ती या कार्यातून त्या कार्यात फिरत राहते, मी एका घरी तीच टोपी तिसऱ्यांदा आलेली पाहिलीय. पण तिच्यामागं एकच म्हणणं असतं, "मला धरलं." तेवढ्यावर लढाई करू नका. फेटे तर तुमच्याच फोटोत छान दिसतील. अंगठी मात्र नको. १९६१ चा हुंडा प्रतिबंधक कायदा नुसत्या रोख रकमेपुरता नाही. लग्नाच्या संबंधात, आधी, त्या वेळी किंवा नंतर, एका पक्षानं दुसऱ्या पक्षाला द्यायची ठरलेली कुठलीही मौल्यवान वस्तू त्यात येते. घेणारा आणि देणारा दोघंही गुन्हेगार, किमान पाच वर्षांची शिक्षा. आणि नुसती मागणी केली तरी सहा महिने ते दोन वर्षं. म्हणजे तुमचे बाबा "जाऊ दे, देऊन टाकू" म्हणतात तेव्हा तेही त्यात ओढले जातात, हे त्यांना शांतपणे सांगा. अंगठी यादीतून खोडायची ती मुलानं, स्वतःच्या हातानं, स्वतःच्या काकांसमोर. तुमच्या बाबांनी नाही आणि तुम्ही तर नाहीच.

राहिल्या न मागता आलेल्या भेटी. त्यांना कायद्याची मनाई नाही, पण १९८५ च्या नियमांप्रमाणे त्यांची यादी करायची असते: वस्तूचं थोडक्यात वर्णन, अंदाजे किंमत, देणाऱ्याचं नाव आणि नातं, खाली वधू-वर दोघांच्या सह्या. वधूला आलेल्या भेटींची यादी वधूनं ठेवायची, वराच्या भेटींची वरानं. मी हे सांगितलं की जोडपी हसतात, "मॅडम, हे कोण करतं?" बहुतेक जण करत नाहीत, खरंय. पण वर सांगितलेल्या त्या लाल वहीत याहून वेगळं काय होतं? तुमच्या आधीच्या पिढ्या हे न सांगता करत आल्या. तुम्ही एक वही घ्या, पहिल्या पानावर दोघांनी सही करा आणि लिहायला घ्या. पुढं कधी वेळ आलीच तर तुमचं स्त्रीधन कुठलं, हे त्या पानावरून कळेल. वेळ आली नाही तर तुमच्या मुलीला एक गंमत मिळेल.

आता काका. तुमच्या पत्रात काका खलनायक झालेत, आणि होणारा नवरा भित्रा. मला दोन्ही पटत नाही.

काकांच्या जागी बसून बघा. भाऊ गेला, ११ वर्षांचं पोर पदरात आलं. शिकवलं, पुण्याला पाठवलं. आता त्याचं लग्न. साठ माणसांत, रजिस्टरच्या कागदावर उरकलं तर पारावर काय बोललं जाईल? "भावाचं पोरगं म्हणून स्वस्तात उरकलं. स्वतःचं असतं तर असं केलं असतं का?" १९ वर्षं इमानानं वागलेल्या माणसाला हा टोमणा मरणाचा लागतो. मानपानाची लांबलचक यादी त्या टोमण्याच्या भीतीतून आलीय. तुमच्या बाबांकडून काही उकळायचा त्यात हेतू असेल असं मला वाटत नाही. अशी भीती कायद्याच्या कलमांनी जात नाही. पुतण्यानं चार माणसांत बोलावं लागतं. काकांच्या दोन-तीन जुन्या स्नेह्यांसमोर, त्यांच्याच ओट्यावर, त्यानं सांगायचं, "काका तर म्हणत होते गाव जेवू घालू, मीच हट्ट केला. मला शिकवलं त्यातच सगळं आलं." गावात ही गोष्ट संध्याकाळपर्यंत फिरते. टोमण्यातली हवाच गेली की यादी आपोआप आखडते; असं मी तीन-चार घरांत होताना पाहिलंय. एका घरात नाही झालं, तिथं काकांना खरोखरच पैठणी आणि अंगठी हवी होती. तुमचे काका कसे आहेत ते तो जाणतो.

आणि तो गप्प का? ऋण मोठं असलं की तोंड उघडत नाही. ज्यानं फी भरली त्याला "नाही" म्हणणं म्हणजे फी नाकारल्यासारखं वाटतं. त्यानं आजवर काकांना नीट, शब्दांत, "तुम्ही होतात म्हणून मी आहे" असं कधी म्हटलंय का, विचारा. आपल्याकडे घरच्या माणसाचे आभार मानणं परकेपणाचं समजतात. मग ते न मानलेले आभार लग्नात फेटे आणि पंगतीच्या रूपात वसूल होतात. आधी आभार, मग नकार. हाच क्रम. उलटा केला तर दोन्ही वाया.

काका म्हणतील, "आपल्यात असं होत नाही." तेव्हा वाद घालू नका, पण तुम्हाला म्हणून सांगते: महात्मा फुल्यांनी सत्यशोधक समाज काढला तो २४ सप्टेंबर १८७३ ला, आणि भटजीवाचून, साधेपणानं, पहिलं सत्यशोधक लग्न लागलं त्याच वर्षी २५ डिसेंबरला. दीडशे वर्षं झाली. 'आपल्यात' पुष्कळ काही होत आलंय, फक्त आपल्या गल्लीत झालेलं नसतं.

एका गोष्टीवर मात्र तडजोड करू नका. त्याच्या आई.

मी एका हळदीला गेले होते. मुलाची आई स्वयंपाकघराच्या दारात, खांबाला टेकून उभी. मांडवात जावा, नणंदा, शेजारणी, सगळ्या एकेक करून मुलाला हळद लावत होत्या. हिनं पदरानं तोंड पुसलं तेव्हा तिचे हात दिसले. कोपरापर्यंत पिवळे. सकाळी ती हळद तिनंच कालवली होती. कालवायला चालली, लावायला नाही. मुलगा पाटावर बसून मोबाइलच्या कॅमेऱ्याकडे बघून हसत होता. त्याला बहुतेक कळलंही नाही. मला ते हात अजून आठवतात.

कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करायचा ठराव केला आणि त्याच महिन्यात राज्य सरकारनं बाकीच्या ग्रामपंचायतींना तोच कित्ता गिरवायला सांगितलं. म्हणजे हे काही पुण्या-मुंबईचं खूळ नाही, शिरोळ तालुक्यातलं एक गाव तुमच्या पुढं गेलंय. पण ठराव दाखवून उपयोग नाही, आधी आईंना विचारा. बऱ्याचदा पहिला नकार त्यांचाच येतो: "नको रे बाबा, माझ्यामुळं तुमच्या संसाराला काही झालं तर?" हा नकार खरा समजून मुलगे सुटकेचा श्वास सोडतात. त्यानं दुसऱ्यांदा विचारलं पाहिजे, तिसऱ्यांदा विचारलं पाहिजे, आणि "तू पाटावर नसशील तर मीही बसणार नाही" हे वाक्य एकदा, हळू आवाजात, म्हटलं पाहिजे. काकूंचाही मान ठेवता येतो. दोघींनी मिळून करायला कुणाची हरकत? विधी करायचे ठरलेच तर गुरुजींशी आधी बोलून घ्या. आईच्या हातून सगळं करून घेणारे गुरुजी मी पाहिलेत. तुमचे करणार नसतील तर दुसरे शोधा.

या विषयावर तुम्ही त्याच्याशी भांडलात तर ते मला मान्य आहे. बाकीच्यांवर नाही. तुमची भांडणं कशी होतात ते पत्रावरून दिसतंय: "तुझे काका", "तुझे बाबा". दोन वकील आपापल्या अशिलाची बाजू मांडताहेत. त्यावर एक जुनाच उपाय आहे, आणि तो पाळायला अवघड आहे: आपल्या घराशी आपणच बोलायचं. तुमच्या बाबांना कर्जाबद्दल तो सांगणार नाही, काकांना अंगठीबद्दल तुम्ही सांगणार नाही. आणि तिकडं जे ऐकावं लागलं ते जसंच्या तसं इकडं आणायचं नाही. फॅमिली ग्रुपवर आत्या काय बोलली त्याचे स्क्रीनशॉट रात्री साडेअकराला एकमेकांना पाठवणं आजपासून बंद. आत्या बोलून विसरते, स्क्रीनशॉट २० वर्षं राहतो. बैठकीत काहीही निघालं तरी जागेवर हो किंवा नाही म्हणू नका. "आम्ही दोघं बोलून उद्या सांगतो" एवढंच. पहिल्यांदा सगळे दुखावतील. तिसऱ्यांदा सवय होईल. लग्नानंतर याच वाक्याचा तुम्हाला घर घेताना, मूल होताना, कुणाच्या आजारपणात उपयोग व्हायचाय.

पत्रिकेचं राहिलं. छापील पत्रिका काढा आणि नावांच्या बाबतीत हात सैल सोडा. निमंत्रक, प्रेषक, समस्त अमुक परिवार, तळाला त्या चिमुकल्यांचं "आमच्या दादाच्या लग्नाला यायचं हं", सगळं असू दे. माझ्या स्वतःच्या लग्नात सासऱ्यांच्या एका चुलतभावाचं नाव निमंत्रकांत राहून गेलं. ते आले, पंगतीला बसले नाहीत, मांडवाच्या दाराशी स्वतःच्या ट्रंकेवर बसून राहिले, आणि मग १४ वर्षं आमच्याकडे पाण्याला शिवले नाहीत. एका ओळीची शाई वाचली होती.

आता क्रम. पहिल्यांदा तो एकटा काकांकडे, तुमच्याशिवाय आणि आईंशिवाय. आई समोर असल्या तर काका मोठ्या दिराच्या आवाजात बोलतील. त्यानंतर आईंशी. मग तुम्ही बाबांबरोबर कागद घेऊन. दोन्हीकडचा आकडा आला की नोटिशीची तारीख धरा आणि ३० दिवसांनंतरचा, तीन महिन्यांच्या आतला दिवस काढा. मुहूर्त काकांनाच काढू दे, त्या मुदतीत चांगले दिवस पुष्कळ सापडतील.

आणि ते तीन साक्षीदार. मित्रांना नेऊ नका. पहिली सही तुमच्या बाबांची, दुसरी त्याच्या आईंची, तिसरी काकांची. ८०० माणसांच्या लग्नात काकांना फेटा मिळाला असता, तसा तो इतर दहा जणांनाही मिळाला असता. सरकारी कागदावर नाव तिघांचंच राहतं. हे त्यांना आधीच सांगून ठेवा, म्हणजे ते गावात सांगतील. ओळखपत्र तिघांनीही बरोबर आणायचं, आणि काकांना चष्मा घरी विसरू नका म्हणावं, सहीची जागा फार बारीक असते.